घरचा गॅस गीझर : निवड, बसवणी आणि निगा



या पानावर आम्ही एरवी लिहितो ते बेणे, लागण, खत आणि पाणी यांबद्दल. या अंकात उसाची सरी सोडून न्हाणीघरात शिरण्याचे कारण असे की, गेली तीन-चार वर्षे गट कार्यालयात लागणीची नोंद द्यायला आलेला सभासद सही झाली की जाता जाता विचारतो, "साहेब, गॅसचा गीझर घ्यावा म्हणतो, कसं राहील?" दुसरा म्हणतो, "घेतलाय, पण पेटना झालाय. कामून तेवढं सांगा." तिसऱ्याच्या घरी तो पेटतो, पण पाणी कोमटच येते. आम्ही काही गीझरचे मेकॅनिक नव्हे. पण शेतीची पदविका घेताना इंजिन, पंप आणि बर्नर यांचे जे शिक्षण झाले आणि कारखान्यात राहून बॉयलरवाल्यांकडून जे कानावर पडले, त्याचा इथे उपयोग होतो. शिवाय या यंत्रात एक जीवघेणी गोष्ट दडलेली आहे. ती विकणारा सांगत नाही आणि घेणारा विचारत नाही. तिच्यासाठीच मुख्यतः हा लेख आहे.

आपल्याकडे आंघोळीचे पाणी तापायचे ते चुलवणावर नाहीतर तांब्याच्या बंबात. सरपण म्हणजे तुराट्या, पळाट्या, बाभळीच्या ढलप्या, आणि (हे लिहिताना आम्हाला बरे वाटत नाही) उसाचे पाचट. पाचट जाळू नका, खोडव्याच्या सरीत कुजवा, हे आम्ही दरवर्षी सांगतो. न्हाणीपुरते तरी ते वाचेल म्हणूनही गॅस गीझरला आमचा पाठिंबा आहे. २०१६ साली उज्ज्वला योजना आल्यानंतर वाड्या-वस्त्यांवरही सिलिंडर पोचले. सकाळी वीज असेलच याची खात्री नाही, आणि विजेचा मोठा गीझर लावला तर वस्तीवरच्या वायरिंगला तो झेपत नाही. गॅसच्या गीझरला विजेची गरज नाही. टॉर्चच्या दोन सेलवर त्याची ठिणगी पडते. गळीत हंगामात तोडीच्या पाळीसाठी पहाटे चारला उठणाऱ्या माणसाला नळ उघडला की गरम पाणी मिळते, ही सोय लहान नव्हे.

हिशेब आधी

वीस लिटरची एक बादली २२ अंशांवरून ४२ अंशांवर न्यायची म्हणजे पाण्याला ४०० किलोकॅलरी उष्णता द्यावी लागते. एक किलो स्वयंपाकाच्या गॅसमध्ये सुमारे ११,००० किलोकॅलरी असतात. गीझर त्यातला पाचवा हिस्सा हवेत घालवतो असे धरले तर एका बादलीला साधारण ४५ ग्रॅम गॅस लागतो. म्हणजे १४.२ किलोच्या सिलिंडरमध्ये तीनशेच्या वर बादल्या होतात. घरात सहा माणसे असतील आणि प्रत्येकाची एक बादली असेल, तर सिलिंडर पन्नास-बावन्न दिवस जातो. पौष-माघात टाकीचे पाणी १५ अंशांवर येते आणि माणसाला ४५ अंशांचे हवे असते, तेव्हा बादलीला ६५ ते ७० ग्रॅम लागतात. मग तोच सिलिंडर महिना-सव्वा महिन्यात संपतो. हीच बादली विजेवर साधारण अर्ध्या युनिटात तापते. आपापल्या सिलिंडरचा भाव आणि विजेचा दर या आकड्यांत घालून ज्याने त्याने हिशेब करावा. आकडे आम्ही दिलेत, भाव रोज बदलतात.

उन्हाचा बंब, म्हणजे सोलर, आपल्या जिल्ह्यात आठ महिने उत्तम चालतो हे खरे. पण बोअरच्या क्षाराच्या पाण्याने त्याच्याही नळ्या भरतात, आणि ढगाळ दिवशी पुन्हा चूल पेटवावी लागते. ज्यांचे पाणी गोडे आहे आणि स्लॅबवर जागा आहे, त्यांनी त्याचाही विचार करावा. गोबर गॅसवर हा गीझर चालेल का, असे बरेच जण विचारतात. एल.पी.जी.साठी केलेला गीझर गोबर गॅसवर चालत नाही. त्याचे नोझल बारीक असते, आणि गोबर गॅसमध्ये उष्णता कमी व दाबही अगदीच थोडा. कोणी नोझल मोठे करून देतो म्हणाला तर त्याला चहा पाजून वाटेला लावावे.

आत काय असते

पितळी किंवा प्लॅस्टिकच्या एका डबीत रबरी पडदा असतो. त्याला डायफ्राम म्हणतात. नळ उघडला की पाणी वाहते आणि पडद्याच्या दोन बाजूंना दाबाचा फरक पडतो. पडदा एक बारीक दांडी पुढे ढकलतो, दांडीने बटण दाबले जाते, सेलचा प्रवाह सुरू होतो. गॅसची झडप उघडते आणि टक् टक् टक् अशी ठिणगी पडते. बर्नर पेटला की ज्वाळेजवळची दुसरी काडी 'ज्वाळा आहे' अशी खूण देते. ती खूण आली नाही तर काही सेकंदांत गॅस बंद होतो. बर्नरच्या वर तांब्याची नळी पंखांतून वळसे घेत जाते. तिच्यातून जाता जाता पाणी तापते. पाणी बंद झाले की पडदा मागे येतो आणि गॅस तुटतो. बऱ्याच मॉडेलांत सलग वीस मिनिटे चालल्यावर तो आपोआप बंद होतो. ही सोय असलेलाच गीझर घ्यावा. लोक तिला कटकट म्हणतात, पण ती तुमच्या भल्याची आहे.

म्हणजे या यंत्राला पेटण्यासाठी तीन गोष्टी लागतात : पाण्याचा पुरेसा दाब, जिवंत सेल आणि गॅस. "पेटना झालाय" ही जी तक्रार आमच्याकडे येते, तिच्यातली निम्म्याहून अधिक प्रकरणे पाण्याच्या दाबाची असतात. गीझर पेटायला साधारण पाव किलोचा दाब लागतो, म्हणजे गीझरपासून आठ-दहा फूट उंच पाण्याचा तळ हवा. आपल्या घरी काय असते? स्लॅब दहा फुटांवर, टाकी थेट स्लॅबवर ठेवलेली, आणि गीझर भिंतीवर पाच फुटांवर टांगलेला. उंचीचा फरक भरतो पाच फूट. टाकी पूर्ण भरलेली असते तेव्हा तो पेटतो, अर्धी झाली की मुका बसतो. दुकानदाराला दोष देण्याआधी टाकीखाली चार-पाच फुटांचा विटांचा किंवा लोखंडी अँगलचा ठोकळा करून घ्यावा. टाकीपासून गीझरपर्यंत पाऊण इंची पाइप आणावा आणि शेवटी अर्धा इंची करावा. वाटेत वाकणे कमी ठेवावीत. ठिबकच्या संचाला शेवटच्या ओळीपर्यंत दाब पोचावा म्हणून आपण जेवढा विचार करतो, तेवढा इथे केला तरी पुरे.

घेताना

डब्यावर आय.एस.आय.चा शिक्का आणि आय.एस. १५५५८ हा क्रमांक पाहावा. एल.पी.जी.वर चालणाऱ्या घरगुती लहान गीझरचे ते भारतीय मानक आहे. मिनिटाला सहा लिटरचा गीझर बादलीने आंघोळ करणाऱ्या घराला भरपूर होतो. सहा लिटर म्हणजे मिनिटाला तेवढे पाणी सुमारे २५ अंशांनी तापवणारा. जास्त लिटरचा घेतला की पाणी जास्त गरम येते असा समज आहे, तो बरोबर नाही. त्याला दाबही जास्त लागतो आणि हवाही जास्त. आतली नळी तांब्याची आहे का ते विचारावे, आणि ज्या तालुक्याच्या गावी त्या कंपनीचा पडदा, वॉशर व सेलची पेटी मिळते, त्याच कंपनीचा घ्यावा. बाजाराच्या दिवशी गाडीवर मिळणारे बिनशिक्क्याचे स्वस्त गीझर दिसायला एकदम चकचकीत असतात. दर महिन्याला बीड, माजलगाव नाहीतर अंबाजोगाईची खेप घालायची हौस असेल त्यांनी ते घ्यावेत.

हवेचा हिशेब

आता मुख्य गोष्टीकडे येऊ. गीझर म्हणजे लहानसे बॉयलर आहे. कारखान्याच्या बॉयलरला केवढे धुराडे आहे ते आपण सर्वांनी पाहिले आहे. बगॅस असो, लाकूड असो वा गॅस असो, जळायला हवा लागते आणि जळून झालेली हवा बाहेर काढून द्यावी लागते. हे तत्त्व विसरण्याची चूक जुनी आहे. १८६८ साली लंडनच्या बेंजामिन मॉन नावाच्या रंगाऱ्याने न्हाणीघरात पाणी तापवणारे पहिले गॅसचे यंत्र काढले. आइसलँडमधल्या उकळत्या कारंज्यावरून त्याने त्याला गीझर हे नाव दिले. त्या यंत्राला धूर बाहेर नेणारी नळीच नव्हती आणि ते धोकादायक ठरले. दीडशे वर्षे होऊन गेली तरी आपण तीच तऱ्हा चालवत आहोत.

हिशेब पाहा. सहा लिटरचा गीझर पूर्ण जोराने चालला तर तासाला सुमारे एक किलो गॅस जाळतो. एक किलो गॅस नीट जळायला सुमारे १२ घनमीटर, म्हणजे सव्वाचारशे घनफूट हवा लागते. मिनिटाला झाली सात घनफूट. आपली न्हाणी असते चार फूट रुंद, सहा फूट लांब आणि आठ फूट उंच, म्हणजे १९२ घनफुटांची. दार लावलेले, खिडकीला थंडी येते म्हणून गोणपाट कोंबलेले. अशा न्हाणीत गीझर पंधरा मिनिटे चालला तर निम्म्याहून अधिक हवा त्याच्याच पोटात जाते. माणसाला श्वास घ्यायला उरते ती जळकी हवा. एकाची आंघोळ झाली की लगेच दुसरा आत जातो, म्हणजे त्याची सुरुवातच त्या उरलेल्या हवेत होते.

हवा कमी पडली की गॅस अर्धवट जळतो आणि कार्बन मोनॉक्साइड नावाचा वायू तयार होतो. त्याला रंग नाही, वास नाही, तो डोळ्याला झोंबत नाही. सिलिंडरच्या गॅसला गळती कळावी म्हणून मुद्दाम उग्र वास घातलेला असतो. या वायूत तो नसतो. रक्तातला जो तांबडा पदार्थ प्राणवायू वाहून नेतो, त्याला हा वायू प्राणवायूपेक्षा दोनशेपटीहून अधिक घट्ट चिकटतो. मग छाती वर-खाली होत राहते, पण मेंदूला काही पोचत नाही. आधी डोके जड होते, मळमळते, गुडघ्यातून जीव गेल्यासारखे वाटते. माणूस समजतो की उपाशीपोटी आंघोळ केली म्हणून चक्कर आली. दार उघडायचे डोक्यात येते, पण हात उठत नाही.

जुन्या विहिरीत उतरण्याआधी आपण कंदील सोडून पाहतो आणि तो विझला तर उतरत नाही. या वायूला ती परीक्षा लागू नाही. गीझर समोर जळत असतो, दिवा चालू असतो आणि माणूस खाली पडलेला असतो.

जानेवारी २०२० मध्ये मुंबईत बोरिवलीला एक शाळकरी मुलगी अशीच न्हाणीघरात बेशुद्ध सापडली आणि काही दिवसांनी रुग्णालयात वारली. ही बातमी वर्तमानपत्रांतून सगळ्यांनी वाचली. आपल्याला वाटते, ते फ्लॅटमध्ये राहणारे, आपले घर मोकळे. परंतु आमच्याच गटातल्या एका गावी भोगीच्या दिवशी असाच प्रकार झाला. त्या दिवशी डोक्यावरून न्हायचे असते. केस धुवायला वेळ लागतो आणि थंडीमुळे सगळे बंद. घरची सून आत होती. सासूबाईंनी बाहेरून हाक मारली, उत्तर आले नाही, पाणी मात्र वाहत होते. त्यांना काही इंजिनिअरिंग येत नाही, पण वाहत्या पाण्याला माणसाची चाहूल नाही हे त्यांच्या ध्यानात आले. त्यांनी मुलाला बोलावून दाराला धक्का दिला. कडी लेचीपेची होती म्हणून ती निघाली. सुनेला अंगणात आणून निजवले, तिने डोळे उघडले आणि दवाखान्यात प्राणवायू लावल्यावर दोन दिवसांनी ती घरी आली. आम्ही नंतर जाऊन पाहिले. गीझर नवा, शिक्क्याचा, ज्वाळा निळी, कुठेही गळती नाही. फक्त तो आत टांगला होता आणि झरोक्यात चिंध्या कोंबल्या होत्या. बसवणाऱ्याने "पाइप कमी लागतो" म्हणून आत बसवला होता. चार फूट पाइपाची बचत!

हाच वायू कोळशाच्या शेगडीतूनही निघतो. बाळंतिणीच्या खोलीत दारे-खिडक्या लावून रात्रभर शेक-शेगडी ठेवण्याची आपल्याकडे पद्धत आहे. ओली बाळंतीण आणि दहा दिवसांचे लेकरू यांना तो सर्वांत आधी बाधतो. विषय गीझरचा असला तरी हे लिहिल्यावाचून राहवत नाही. शेक द्या, पण शेगडी रात्री बाहेर काढा.

बसवायचा कुठे

आमचे स्पष्ट मत असे की, गीझर न्हाणीघराच्या आत बसवूच नये. बाहेरच्या भिंतीवर, छज्जाखाली, पावसाचा झोत आणि सरळ वारा लागणार नाही अशा जागी टांगावा आणि भिंतीतून फक्त गरम पाण्याची नळी आत घ्यावी. खेड्यात आपल्याला जागेची वाण नाही. शहरातल्या माणसाला जे जमत नाही ते आपल्याला सहज जमते. पाण्याचा नळ आतच राहतो, त्यामुळे आंघोळ करणाऱ्याला काही फरक पडत नाही. नळ उघडला की बाहेर गीझर पेटतो. गरम पाण्याची नळी मात्र लांबवू नये. सहा-सात फुटांच्या वर गेली की बादलीभर पाणी यायच्या आधी तांब्याभर थंड पाणी सांडते आणि थंडीत उष्णता वाटेतच जाते. साधा पांढरा पी.व्ही.सी. पाइप गरम पाण्याला चालत नाही, मऊ पडतो. सी.पी.व्ही.सी. किंवा जी.आय. घ्यावा.

काहींचे घर वाड्यातले असते. तीन बाजूंना भिंती, बाहेर टांगायला जागाच नसते. त्यांनी धूर बाहेर नेणारी नळी जोडता येते असाच गीझर घ्यावा आणि ती नळी खरोखर बाहेर काढावी. माळ्यात किंवा शेजारच्या खोलीत नव्हे. दाराला खाली बोटभर नव्हे तर वीतभर फट आणि वर कायम उघडा झरोका हवा. आधी बादली भरून घ्यावी, गीझर बंद करावा, मग दार लावून आंघोळ करावी. पोरांना आणि म्हाताऱ्यांना आत कडी लावू देऊ नये, किंवा बाहेरून उघडेल अशी कडी लावावी. हा दुय्यम मार्ग आहे हे ध्यानात ठेवावे.

सिलिंडर उभा आणि जमिनीच्या वर ठेवावा. हा गॅस हवेपेक्षा जड असतो. गळला तर वर जात नाही, पाण्यासारखा खाली सखल जागी साचतो. म्हणून तळघर, बळद, मोरीचा खड्डा अशा जागी सिलिंडर ठेवू नये, आणि शेजारी चूल नसावी. रबरी नळी ऑइल कंपनीच्या एजन्सीकडचीच, आत तारेची वीण असलेली घ्यावी. पाच वर्षे झाली की ती तडकलेली नसली तरी बदलावी. उंदीर तिला कुरतडतात. धान्याच्या पोत्यांमागून ती नेऊ नये. एकाच सिलिंडरवर शेगडी आणि गीझर दोन्ही जोडायचे असेल तर ते एजन्सीच्या माणसाकडून करून घ्यावे. नळी कापून मधे टी ठोकण्याचे काम पाना मिळाला म्हणून घरी करू नये.

जोडणी झाली की साबणाचा फेस सांध्यांना लावावा. बुडबुडे आले तर गळती आहे. काडी पेटवून पाहणारे लोक अजून आहेत, त्यांच्यासमोर आम्ही हात जोडतो. गॅसचा वास आला तर रेग्युलेटर बंद करावा, दारे-खिडक्या उघडाव्यात, विजेचे कोणतेही बटण चालू किंवा बंद करू नये आणि बाहेर येऊन १९०६ या क्रमांकावर कळवावे.

क्षार आणि काजळी

आपल्या जिल्ह्याची जमीन काळ्या पाषाणावर उभी आहे. माजलगाव धरणाच्या कालव्यावरच्या किंवा मांजराकाठच्या विहिरींचे पाणी त्यातल्या त्यात हलके, पण बालाघाटाच्या अंगाला तीन-चारशे फूट खोल गेलेल्या बोअरचे पाणी जड असते. भांड्याच्या तळाला पांढरा थर बसतो तोच गीझरच्या तांब्याच्या नळीत बसतो. कारखान्यात इव्हॅपोरेटरच्या नळ्यांत खर बसली की वाफ जास्त लागते आणि रस आटत नाही. मग कॉस्टिकने उकळून, ब्रश मारून ती काढावी लागते. घरच्या गीझरचे दुखणे तेच. पाणी कोमट येऊ लागले, धार बारीक झाली, आतून चुळचुळ आवाज येऊ लागला की खर बसली असे समजावे.

ती काढायला कॉस्टिक नको, आणि संडास धुण्याचे ॲसिड तर मुळीच नको. ते पितळ आणि झाळ खाते. गॅस बंद करून, सेल काढून, दोन्ही पाण्याच्या नळ्या सोडाव्यात. किराणा दुकानात मिळणारे लिंबूसत्त्व लिटरभर कोमट पाण्यात पन्नास ग्रॅम विरघळवावे आणि लहान नरसाळ्याने तांब्याच्या नळीत भरून अर्धा ते पाऊण तास ठेवावे. फेस येतो, त्याला घाबरू नये. मग साध्या पाण्याने चांगले धुवावे. जड पाणी असेल तर हंगामातून दोनदा, नाहीतर एकदा पुरते. पाणी शिरते तिथे बारीक जाळी असते, तीत वाळू आणि शेवाळ अडकते. ती पंधरा दिवसांनी काढून झटकावी. गीझरचे तापमानाचे बटण पूर्ण वर ठेवून मग थंड पाणी मिसळण्याची सवय मोडावी. पाणी जितके जास्त तापते तितकी खर लवकर बसते आणि गॅसही जातो. आंघोळीला लागेल तेवढेच तापवावे.

नळ बंद करून लगेच पुन्हा उघडला तर पहिली धार चटका देणारी येते, कारण नळीत थांबलेले पाणी तेवढ्यात आणखी तापते. लेकरांना धारेखाली बसवू नये. ती धार बादलीत जाऊ द्यावी.

ज्वाळेकडे आठवड्यातून एकदा पाहावे. ती निळी आणि स्थिर असावी. पिवळी, लांब, नाचती झाली किंवा वरच्या पंखांवर काजळी दिसली तर गीझर बंद ठेवून मेकॅनिकला दाखवावे. तसाच दिवस काढू नये. बाहेर टांगलेल्या गीझरमध्ये धूळ जाते आणि कुंभारमाशी बर्नरच्या भोकांत व धुराच्या नळीत मातीची घरे करते. सुया टोचून भोके मोठी करू नयेत. मऊ ब्रशने झाडावीत. सेल हंगामाच्या सुरुवातीला नवे घालावेत आणि उन्हाळ्यात गीझर बंद ठेवायचा असेल तेव्हा काढून ठेवावेत, नाहीतर ते पाझरून पेटी खराब होते.

अपघात घडलाच तर

आत गेलेल्या माणसाने हाकेला ओ दिली नाही तर लाज-संकोच करू नये, दार तोडावे. आत शिरण्याआधी मोठा श्वास घ्यावा, गॅस बंद करावा, माणसाला ओढून उघड्यावर आणावे. मदतीला गेलेला माणूस आतच पडल्याची उदाहरणे आहेत. श्वास चालू नसेल तर तोंडाने श्वास द्यावा आणि १०८ ला फोन करावा. कांदा हुंगवणे, पाणी पाजणे यात वेळ दवडू नये. डॉक्टरांना "गीझर चालू असताना पडली" हे शब्द आवर्जून सांगावेत, म्हणजे लगेच प्राणवायू लावतात. साध्या हवेत हा वायू रक्तातून निम्मा कमी व्हायला चार-पाच तास लागतात, मुखवट्याने प्राणवायू दिला तर तास-दीड तास. जिल्हा रुग्णालय बीडला आहे, आणि आपल्याच जिल्ह्यात अंबाजोगाईला स्वामी रामानंद तीर्थ ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालय आहे. जे जवळ असेल तिथे न्यावे. शुद्धीवर आले म्हणून परस्पर घरी आणू नये. डोकेदुखी आणि विसराळूपणा नंतर काही दिवसांनीही उद्भवतो.

जे तोडीला जातात

आपल्या जिल्ह्यातून दसरा-दिवाळीनंतर हजारो कुटुंबे पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात ऊसतोडीला जातात. सभासदांच्याही भावकीतले त्यांत असतात. चार-पाच महिने घर कुलूपबंद राहते. जाताना रेग्युलेटर काढून सिलिंडरला टोपी लावावी, गीझरचे सेल काढावेत, आणि खालचा स्क्रू उघडून आतले पाणी सोडून द्यावे. परत आल्यावर पहिल्याच दिवशी गीझर पेटवू नये. नळी वाकवून तडा पाहावा, उंदराचे दात लागलेत का ते बघावे, सांध्यांना फेस लावावा, धुराची नळी उतरवून तिच्यातून उजेड आरपार दिसतो का ते पाहावे. टाकीचा गाळ काढून पहिले पाणी गीझरमधून न नेता खालच्या तोटीने सोडून द्यावे, नाहीतर तो गाळ थेट पडद्यावर जातो. एवढे झाल्यावर सेल घालून, दार उघडे ठेवून, पाच मिनिटे बादलीत पाणी सोडावे आणि ज्वाळेचा रंग बघावा.